पार्किंगवाल्यांनी काचेवर ‘दंड’ लावला तर

वाचकाचं पत्र: आम्ही सुदामा नगरला राहतो. गेल्या महिन्यात सासूबाईंना रूट कॅनालसाठी विजय नगरच्या एका व्यापारी संकुलातल्या दवाखान्यात नेलं होतं. गाडी सासऱ्यांच्या नावावर आहे, चालवत मी होते. गेटवरच्या मुलाने मोबाइल नंबर विचारला, दोन तासांचे ३० रुपये घेतले आणि तिकीट दिलं. तिकिटावर ‘पुढे प्रत्येक तासाला १० रुपये’ असं छापलंय. दवाखान्यात वेळ लागला, बाहेर यायला २ तास ५० मिनिटं झाली. बघते तर वायपरखाली गुलाबी चिठ्ठी: ‘पार्किंग नियमभंग. दंड १,२०० रुपये. ७ दिवसांत भरा, नंतर ३,००० रुपये व कायदेशीर कारवाई.’ गेटवर तेव्हा कुणीच नव्हतं, दांडा वर होता, म्हणून आम्ही तसेच निघून आलो. आता रोज मेसेज येतात की आरटीओत गाडी ब्लॅकलिस्ट करू, सिबिल खराब करू. सासरे म्हणतात, माझ्या नावाला काही लागायला नको, भरून टाक. दीर म्हणतात, फाडून फेकून दे. दाताला कॅप बसवायला पुढच्या आठवड्यात पुन्हा तिथेच जायचंय. गाडी अडवून ठेवतील का? — एक वाचक, इंदूर

ताई, भरूही नका आणि फाडूही नका. चिठ्ठी, तिकीट आणि दवाखान्याची पावती एका पाकिटात घाला. तुमच्या हिशोबाने त्या कंपनीचे तुमच्याकडे १० रुपये निघतात. ते द्यायची तयारी दाखवा, बाकीची मागणी एकदाच लेखी नाकारा. तुमच्या पत्रावरून तरी याहून जास्त काही करायची गरज दिसत नाही. पण हे का, ते नीट समजून घ्या, म्हणजे घरात सासऱ्यांनाही शांतपणे सांगता येईल.

दंड ही सरकारची गोष्ट आहे. वाहतूक पोलीस, आरटीओ, न्यायालय, किंवा आपल्या कायद्यात अधिकार असेल तिथे नगर निगम, एवढेच दंड करू शकतात. रस्त्यावरच्या चलानाचा जागच्या जागी निपटारा होतो तो मोटार वाहन कायद्याच्या कलम २०० खाली, आणि तो अधिकार राज्य सरकारने नेमलेल्या अधिकाऱ्यांनाच असतो. संकुलाने ठेका दिलेली कंपनी त्यात बसत नाही. तिचं आणि तुमचं नातं दुकानदार-गिऱ्हाइकाचं आहे: तुम्ही ३० रुपये दिले, तिने जागा दिली. तिने कागदावर ‘दंड’ छापलं तरी ती होते पैशांची मागणी. मागणी बरोबर की चूक हे ठरवायचं झालं तर तिला दिवाणी न्यायालयात जाऊन सिद्ध करावं लागेल.

आता सिद्ध काय करायचं, ते बघा. भारतीय करार कायदा १८७२ चं कलम ७४ सांगतं की करार मोडल्यास अमुक रक्कम द्यावी असं आधीच लिहिलेलं असलं, तरी समोरच्याला मिळते ती वाजवी भरपाईच. लिहिलेला आकडा ही फक्त वरची मर्यादा. सर्वोच्च न्यायालयाने १९६३ मध्ये फतेहचंद खटल्यात हे स्पष्ट केलं आणि २०१५ मध्ये कैलाशनाथ खटल्यात पुन्हा सांगितलं. तुम्ही ५० मिनिटं जास्त थांबलात. त्या वेळेचा भाव कंपनीनेच तिकिटावर छापलाय, तासाला १० रुपये. स्वतःच्या छापील दराच्या १२० पट नुकसान कसं झालं, हे तिला कुठल्याही न्यायालयात सांगता येणार नाही. तुलनेला आणखी एक आकडा देतो: मोटार वाहन कायद्याचं सर्वसाधारण दंडाचं कलम १७७ घेतलं, तर १ सप्टेंबर २०१९ पासून वाढवलेला दंडसुद्धा पहिल्या वेळी ५०० रुपयांपर्यंतच आहे.

एक गोष्ट मात्र आधी पक्की करा: हा कागद खरोखर खासगी कंपनीचाच आहे ना? तुमच्या वर्णनावरून तसाच वाटतो, पण चिठ्ठी हातात घेऊन वरून खाली वाचा. वर कुणाचं नाव आहे? पोलिसांच्या चलानावर चलान क्रमांक, कायद्याचं कलम, अधिकाऱ्याचा उल्लेख आणि घटनेचं ठिकाण असतं, आणि ते सरकारी ई-चलान संकेतस्थळावर गाडीचा नंबर आणि चासी किंवा इंजिन नंबरचे शेवटचे आकडे टाकून दिसतं. तिथे तुमच्या एमपी ०९, म्हणजे इंदूरच्या पाटीच्या, गाडीवर काही नसेल तर सासऱ्यांना ते पान दाखवा. अर्धी काळजी तिथेच संपेल. मेसेज कुठून येतात तेही बघा. सरकारी खात्याच्या मेसेजच्या पाठवणाऱ्याच्या नावाला शेवटी ‘जी’ हे इंग्रजी अक्षर जोडलेलं असतं. साध्या दहा आकडी नंबरवरून आलेला ‘आरटीओ’चा मेसेज आरटीओचा नसतो. आणि त्यात चलान बघायला म्हणून एपीके, म्हणजे फोनमध्ये ॲप बसवणारी, फाइल असेल तर तिला हातही लावू नका. अशा फाइलने फोनमधले बँकेचे ओटीपी पळवले जातात. चुकून उघडली असेल तर फोन विमानाच्या मोडवर टाका, दुसऱ्या फोनवरून लगेच १९३० ला, म्हणजे सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला, आणि बँकेला कळवा.

चिठ्ठीच्या खालच्या बाजूला जीएसटी क्रमांक छापलाय का? तो पंधरा अक्षरी असतो, आणि मध्य प्रदेशात नोंदलेला असेल तर सुरुवात २३ ने होते. जीएसटीच्या संकेतस्थळावर तो टाकला की व्यवसायाचं कायदेशीर नाव आणि पत्ता समोर येतो. उत्तर कुठे पाठवायचं, हा प्रश्न तिथे सुटतो. क्रमांकच नाही, किंवा टाकल्यावर भलत्याच व्यवसायाचं नाव येतं, तर तेही लिहून ठेवा. चिठ्ठीवर क्यूआर कोड असेल तर स्कॅन करा, पण पैसे पाठवू नका. पैसे ज्याच्या खात्यात जाणार त्याचं नाव पडद्यावर येतं, तेवढं बघून स्क्रीनशॉट घ्या. कंपनीच्या चिठ्ठीवर एखाद्या माणसाचं वैयक्तिक खातं निघालं, तर तो ठेक्याच्या नावाखाली कुणाचा तरी वेगळा धंदा असू शकतो, आणि मग मागणी नाकारणारं पत्र कंपनीबरोबर पोलीस ठाण्यातही द्यायचं.

संकुलाची जमीन खासगी की निगमची, हाही फरक मोठा आहे. राजवाड्याजवळच्या सुभाष चौकातल्या बहुमजली पार्किंगसारखी जागा असली, तर दर निगम ठरवतं, ठेकेदार नाही. तिथे पावतीवर निगमचं नाव आणि दर हवा, आणि जास्त मागितलं तर तक्रार निगमच्या इंदौर ३११ ॲपवर फोटोसकट टाकायची. दखल नाही घेतली तर १८१, सीएम हेल्पलाइन. तिथली तक्रार एका पायरीवर अडकली की वरच्या अधिकाऱ्याकडे जाते, चार पायऱ्यांपर्यंत. अनेकदा खालच्या पायरीवरून फोन येतो, ‘ताई, झालंय काम, बंद करून टाका.’ काम झाल्याशिवाय हो म्हणू नका. तुम्ही बंद म्हटलं की ती वर जायची थांबते. मंगळवारी अधिकारी लोकांच्या तक्रारी समोरासमोर ऐकतात त्या जनसुनवाईत कागद घेऊन गेलात तरी चालतं. ठेक्याच्या अटी आणि मंजूर दर हवे असतील तर माहिती अधिकारात १० रुपये भरून निगमकडे अर्ज करा, ३० दिवसांत उत्तर द्यावं लागतं. तुमचं प्रकरण खासगी संकुलाचं दिसतंय, म्हणून यावर थांबत नाही.

आता पुरावा. इथे बहुतेक लोक हरतात, आणि तेही अगदी साध्या कारणाने. पार्किंगचं तिकीट थर्मल कागदाचं असतं. त्यावर शाई नसते. उष्णतेने कागदच काळा पडतो आणि अक्षर उमटतं. म्हणून डॅशबोर्डवर उन्हात ठेवलेलं तिकीट मे महिन्यात दुपारभरात अख्खं काळं पडतं, आणि पैशांच्या पाकिटात ठेवलेलं काही महिन्यांत कोरं होऊ शकतं. प्लास्टिकच्या कव्हरात किंवा लॅमिनेट करून ठेवलं तर आणखी लवकर जातं. तुमच्याकडे तिकीट अजून वाचता येत असेल तर आजच दोन्ही बाजूंचा फोटो काढा, साध्या कागदावर झेरॉक्स काढा. मूळ तिकीट कागदी पाकिटात, अंधारात ठेवा.

फोटो काढताना एक काळजी. नुसता व्हॉट्सॲपवर एकमेकांना पाठवून मूळ पुसू नका. व्हॉट्सॲप फोटो लहान करतं आणि त्यातली वेळ-ठिकाणाची माहिती निघून जाते. मूळ फाइल फोनमध्ये राहू द्या. कधी ग्राहक आयोगात जायची वेळ आली तर अशा पुराव्याबरोबर भारतीय साक्ष्य अधिनियम २०२३ च्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र मागितलं जाऊ शकतं, आणि मूळ फाइल असली की ते देणं सोपं जातं.

सगळ्यात कामाचा फोटो तिकिटाचा नाही, फलकाचा. कंपनी म्हणणार, १,२०० रुपयांचा नियम फलकावर लिहिला होता आणि तुम्ही तो मान्य करूनच आत आलात. करार पैसे देऊन आत शिरताना झाला. तेव्हा जी अट वाचता येत नव्हती ती तुमच्यावर कशी लागू होणार? म्हणून कुणाला तरी बरोबर घेऊन त्या गेटवर जा आणि बाजूच्या सीटवर बसलेल्याला मोबाइल चालकाच्या डोळ्यांच्या उंचीवर धरून फोटो घ्यायला सांगा, गाडी तिकिटाच्या खिडकीशी असताना. फलक दिसतो का? कुठल्या भाषेत आहे? अक्षरं किती मोठी? झाडाच्या फांदीमागे, जाहिरातीच्या मागे, आत वळल्यावर भिंतीवर, असं काहीही असू शकतं. मग उतरून फलकाचा जवळून फोटो घ्या, एका बाजूला हाताची वीत ठेवून, म्हणजे अक्षराचा आकार कळतो. संध्याकाळी गेला असाल तर संध्याकाळचाही एक. बऱ्याचदा मोठ्या अक्षरात दर आणि अगदी तळाशी बारीक अक्षरात दंड असतो. तो फोटो तुमच्या बाजूने शंभर शब्दांपेक्षा जास्त बोलतो. चिठ्ठी आल्यानंतर नवा फलक लावला गेला असेल, रंग ताजा, स्क्रू चकचकीत, तर तेही टिपा.

वेळेचा हिशोबही स्वतः करा. गेटवरच्या हातातल्या मशीनचं घड्याळ आणि बाहेरच्या कॅमेऱ्याचं घड्याळ वेगवेगळं असू शकतं. पाच-दहा मिनिटांचा फरक पडला की तास पुढचा लागतो. नंबरपाटी वाचणारे कॅमेरे ८ आणि इंग्रजी बी, शून्य आणि ओ यांत गोंधळतात. आणखी एक चूक नेहमी होते: सकाळी एकदा येऊन गेलात, संध्याकाळी परत आलात, आणि सकाळचं बाहेर पडणं मशीनने टिपलंच नाही, तर सबंध दिवस गाडी आत होती असं दिसतं. तुमच्याकडे दवाखान्याची वेळेची पावती आणि यूपीआयचा व्यवहार असेल तर या दोन्ही वेळा त्या तिकिटाशेजारी मांडून ठेवा.

सासऱ्यांची काळजी खरी आहे, म्हणून तिचं उत्तर वेगळं देतो. जागा वापरण्याचा करार गाडी लावणाऱ्याशी होतो, आरसी बुकात नाव असलेल्याशी नाही. पोलिसांच्या चलानात मालकाला धरतात, कारण कायद्यात तशी तरतूद आहे. खासगी कंपनीला ती सवलत नाही. सिबिलला नोंद करतात त्या बँका, कर्ज देणाऱ्या संस्था आणि कायद्याने मान्य केलेल्या सदस्य संस्था. पार्किंगचा ठेकेदार कर्ज देत नाही, त्याला तिथे नोंद करायला जागाच नाही. आरटीओत गाडी ब्लॅकलिस्ट होते ती सरकारी यंत्रणेच्या कारवाईवरून, कंपनीच्या मागणीवरून नाही. आणि फक्त नंबरपाटीवरून तुमचा पत्ता सर्वसामान्य माणसाला मिळत नाही, ‘वाहन’ या सरकारी गाडी-नोंदणीच्या संकेतस्थळावर मालकाचं नाव अर्धवट झाकलेलं दिसतं. त्यांच्याकडे तुमचा मोबाइल आहे तो तुम्हीच गेटवर दिलात म्हणून. पुढच्या वेळी देऊ नका. तिकिटासाठी तो लागत नाही.

मग उत्तर का द्यायचं, गप्प का बसायचं नाही? कारण फाडून फेकणाऱ्यांची बाजू पुढे कधीच कागदावर येत नाही. उद्या वकिलाची नोटीस आली तर ‘कळवूनही उत्तर दिलं नाही’ हे वाक्य त्यात असतं. एक पत्र गेलं की ते वाक्य लिहिता येत नाही. पत्र मराठीत मनात मांडा, पण पाठवताना हिंदीत लिहा. इंदूरच्या ठाण्यात आणि ग्राहक आयोगात तेच चालतं, आणि वाचणाऱ्याला भाषांतर मागायला निमित्त मिळत नाही. मजकूर इतकाच असावा:

“तारीख अमुक रोजी आपल्या संकुलात तिकीट क्रमांक अमुक घेऊन मी गाडी लावली. दोन तासांचे ३० रुपये दिले. ५० मिनिटं जास्त झाली. त्याचे तिकिटावरील दराप्रमाणे १० रुपये मी देण्यास तयार आहे. खाते कंपनीच्या नावाचे कळवावे. १,२०० व ३,००० रुपयांची मागणी मला मान्य नाही. अशी अट आत येताना माझ्या निदर्शनास आणली गेली नव्हती, आणि ती झालेल्या नुकसानीशी विसंगत आहे. अट ज्या फलकावर होती त्याचा फोटो, तो लावल्याची तारीख, संकुलाशी झालेल्या ठेक्याची प्रत आणि त्या दिवशीचं प्रवेश व निर्गमाचं सीसीटीव्ही चित्रण जपून ठेवावं आणि १५ दिवसांत प्रती द्याव्यात. आरटीओ आणि सिबिलबद्दलचे मेसेज तात्काळ थांबवावेत. गाडीच्या मालकाशी या बाबतीत संपर्क करू नये.”

यात चिडणं नको, शाप नको, मोठमोठी कलमं नकोत. दंड चुकवायला खोटं काहीही लिहू नका. तुम्ही जास्त थांबलात हे सुरुवातीलाच कबूल केलंत की बाकीच्या पत्राला वजन येतं. सीसीटीव्हीची मागणी मुद्दाम घातली आहे, कारण जुनं चित्रण ठराविक दिवसांनी आपोआप पुसलं जातं. नंतर ते हरवलं असं त्यांनी म्हटलं, तर तुम्ही वेळेत मागितलं होतं हे कागदावर राहतं. पत्र ईमेलने पाठवा आणि एक प्रत स्पीड पोस्टने पोचपावतीसह. टपालखात्याच्या संकेतस्थळावरचं पोचल्याचं पान त्याच दिवशी छापून ठेवा. दुसरी प्रत संकुलाच्या व्यवस्थापनाला द्या.

ही दुसरी प्रत फार महत्त्वाची आहे, आणि तीच लोक विसरतात. ठेकेदाराला तुमची पर्वा नसते, पण संकुलाला असते, आणि त्याहून जास्त पर्वा तिथल्या दुकानदारांना. डॉक्टर तिथे भाडं किंवा देखभालीचा खर्च भरतात. त्यांच्या पेशंटला रूट कॅनालनंतर सुजलेल्या गालाने १,२०० रुपयांची चिठ्ठी मिळते ही त्यांच्या धंद्याची बाब आहे. दवाखान्यात फोन करा, रिसेप्शनवर नाही, डॉक्टरांशी बोला: “डॉक्टर, काम तुमच्याकडेच लांबलं होतं, तुम्ही व्यवस्थापनाला एक ओळ लिहाल का?” अशी एक ओळ गेली की पुष्कळ चिठ्ठ्या दुसऱ्या दिवशी रद्द होतात. आम्ही ग्राहक आयोगाच्या आधी हाच रस्ता सुचवतो.

एवढं करूनही मेसेज थांबले नाहीत तर १९१५ वर, राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर, तक्रार नोंदवा. क्रमांक लिहून ठेवा. पुढची पायरी जिल्हा ग्राहक आयोग. तक्रार ई-जागृती या आयोगाच्या सरकारी संकेतस्थळावर ऑनलाइन करता येते, दिलेला मोबदला ५ लाख रुपयांपर्यंत असेल तर शुल्क नाही, वकील सक्तीचा नाही, आणि तुम्ही राहता तिथल्या आयोगात करता येते. मुदत दोन वर्षं. एक बारकावा लक्षात ठेवा. २०१९ च्या ग्राहक कायद्यात ‘अनुचित करार’ याच्या व्याख्येत, कलम २ (४६) मध्ये, नुकसानीच्या मानाने अवाजवी दंड लादणं स्पष्ट शब्दांत आहे. वाचून वाटतं, हे आपलंच. पण अनुचित कराराच्या नावाने तक्रार राज्य आयोगाकडे, म्हणजे भोपाळला जाते. जिल्ह्यात करायची तर ‘सेवेतील त्रुटी’ आणि ‘अनुचित व्यापार पद्धत’ म्हणून मांडा. खरं सांगायचं तर न भरलेल्या १,२०० रुपयांसाठी आयोगात जाऊ नका. पैसे जबरदस्तीने घेतले, गाडीला ओरखडे पडले किंवा गाडी अडवली, तर जरूर जा.

अडवणं म्हणजे जॅमर, चाकाला लावतात ते कुलूप. तुमचा शेवटचा प्रश्न तोच. मोटार वाहन कायद्याचं कलम १२७ गाडी उचलायला किंवा चाकाला कुलूप लावायला परवानगी देतं, पण ती हद्दीतल्या गणवेशातल्या पोलीस अधिकाऱ्याने द्यायची असते, आणि तीही सार्वजनिक जागी दहा तास किंवा जास्त बेवारस उभ्या किंवा मनाई असलेल्या जागी लावलेल्या गाडीसाठी. उधारीसाठी समोरच्याची वस्तू अडवून ठेवायचा हक्क करार कायद्यात आहे, पण तो त्या वस्तूवर मेहनत करणाऱ्याला, जसं शिंप्याला शिवलेल्या कपड्यावर, किंवा बँकेसारख्या मोजक्या धंद्यांना आहे. पार्किंगवाला तुमच्या गाडीवर काही काम करत नाही. महिन्यापूर्वीच्या चिठ्ठीसाठी आजची गाडी धरून ठेवता येत नाही. मात्र, जागा त्यांची आहे. गेटवरच ‘आत येऊ नका’ म्हणाले तर वाद घालू नका, गाडी बाहेर लावा.

तरीही कुलूप लागलंच, तर तोडू नका. ते त्यांचं आहे, मोडलंत तर मालमत्तेच्या नुकसानीची तक्रार तुमच्यावर होईल. गाडी पुढेमागे हलवूनही बघू नका, कुलपाची दांडी मडगार्डला आणि ब्रेकच्या नळीला लागते. व्हिडिओ चालू करा, चाक, कुलूप, आजूबाजूचा फलक घ्या. शांतपणे विचारा: “तुमचं नाव काय, कंपनी कुठली, कुणाच्या आदेशाने लावलंत?” मग ११२ वर पोलिसांना फोन करा. फोनवर ‘पार्किंगचा वाद’ म्हणू नका, तो शेवटच्या रांगेत जातो. “माझी गाडी अडवली आहे, पैसे दिल्याशिवाय जाऊ देत नाहीत, सोबत वृद्ध पेशंट आहे,” एवढं म्हणा. पोलीस येईपर्यंत थांबणं शक्य नसेल, रात्र असेल, सासूबाईंना त्रास होत असेल, तर पैसे द्या. कमीपणा वाटून घेऊ नका. पण रोख नाही, यूपीआयने, कंपनीच्या नावाच्या खात्यात. नोंदीच्या रकान्यात ‘आक्षेपासह’ लिहा आणि पावतीवर ‘विरोध नोंदवून भरले’ लिहून सही करा. असे दिलेले पैसे परत मागता येतात. कुलूप काढल्यावर लगेच निघू नका. रिम, टायरची व्हॉल्व्ह आणि दरवाज्याची खालची कड तपासून फोटो घ्या.

वकिलाची नोटीस आली तर घाबरू नका. तुमचं पहिलं पत्र जोडून १५ दिवसांत दोन ओळींचं उत्तर द्या. दुर्लक्ष करायचा नाही असा कागद एकच: न्यायालयाचं समन्स. त्यावर प्रकरण क्रमांक आणि सीएनआर हा प्रकरणाची ओळख पटवणारा सोळा अक्षरांचा क्रमांक असतो, तो न्यायालयांच्या ई-कोर्ट्स संकेतस्थळावर टाकून खरं-खोटं कळतं. तारखेला हजर राहिलं नाही तर एकतर्फी निकाल लागतो आणि मग १० रुपयांचं प्रकरण खरोखर मोठं होतं. कधीकधी लोक अदालतीची पूर्व-दावा, म्हणजे दावा दाखल होण्याआधीची, नोटीस येते, विधी सेवा प्राधिकरणाच्या शिक्क्याची. तो शिक्का बघून लोक पैसे देऊन मोकळे होतात. तिथे तडजोड तुमच्या संमतीशिवाय होत नाही. जा, कागद दाखवा, १० रुपये देतो म्हणा. पण सही करण्याआधी प्रत्येक ओळ वाचा, कारण लोक अदालतीच्या निवाड्यावर अपील नसतं. वकील लागलाच तर ताई, महिलांना उत्पन्न न बघता मोफत विधी सहाय्य मिळतं; जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात अर्ज करा.

पुढच्या आठवड्यात कॅपला जाल तेव्हा आत शिरताना फलकाचा आणि तिकिटाचा फोटो घ्या. सासूबाई डॉक्टरांच्या खुर्चीत बसायच्या आधी किती वेळ लागेल ते रिसेप्शनला विचारून लिहून घ्या, आणि फोनवर १ तास ४५ मिनिटांचा गजर लावा. गजर झाला आणि काम राहिलं असेल तर कुणीतरी खाली जाऊन पुढच्या तासाचे १० रुपये भरून पावती आणा. तुमचं पत्र तेवढं त्याच्या आधी टपालात पडू द्या.